खिलाडूपणाचा खर्च कोणी सोसावा?

हरलेल्याने हसतमुखाने हात पुढे करावा, पंचाचा निर्णय निमूटपणे मान्य करावा आणि तक्रारीचा शब्द काढू नये, याला आपल्याकडे खिलाडूपणा म्हणण्याचा प्रघात पडला आहे. शाळांच्या बक्षीस-समारंभांत प्रमुख पाहुणे हाच उपदेश करतात. मैदानाबाहेरही, नोकरीत डावललेल्या माणसाला किंवा परीक्षेच्या गोंधळात वर्ष गमावलेल्या विद्यार्थ्याला हाच सल्ला मिळतो : जरा खिलाडूपणे घ्या! या व्याख्येत सारी जबाबदारी हरणाऱ्यावर टाकलेली आहे. नियम कोणी केले, मैदानात कोणाला येऊ दिले आणि कोणाला कुंपणाबाहेर ठेवले, याविषयी ती अवाक्षर काढीत नाही.

हा दोष अपघाताने आलेला नाही. ज्या इंग्लंडमधून ही कल्पना आपल्याकडे आली, तेथे तिचा जन्मच वर्गभेदाच्या पोटी झाला. थेम्स नदीवरील हेन्ली येथील नौकास्पर्धेच्या चालकांनी १८७९ साली 'हौशी' खेळाडूची व्याख्या केली, तीत कारागीर, यांत्रिक आणि मजूर यांना प्रवेशच नाकारला होता. हाताने काम करून पोट भरणाऱ्याचे बाहू बळकट होतात, हा त्याचा गैरफायदा ठरविण्यात आला! क्रिकेटमध्ये 'जंटलमन' आणि 'प्लेअर्स' असे दोन वर्ण होते. त्यांच्या कपडे बदलण्याच्या खोल्या वेगळ्या आणि मैदानात उतरण्याची दारेही पुष्कळ ठिकाणी वेगळी असत. धावपत्रकावर जंटलमनची आद्याक्षरे आडनावाच्या आधी छापली जात, पगारी खेळाडूची नंतर. हा भेद १९६२ साली अधिकृतपणे संपला. तोवर पैशासाठी न खेळणे हे खिलाडूपणाचे पहिले लक्षण मानले जाई. आणि या हौशी मंडळींचे मुकुटमणी डॉ. ग्रेस यांनी १८७३-७४ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी १,५०० पौंड घेतले. संघातील पगारी खेळाडूंच्या वाट्याला आलेली रक्कम त्यापुढे किरकोळ होती. हौस कोणाला परवडते, हा अखेर उत्पन्नाच्या वाटपाचा प्रश्न असतो, हे सांगण्यास अर्थशास्त्राच्या पदवीची गरज नाही.

आपल्याकडे या वर्गभेदात जातीची भर पडली. पुण्यात साहेबांच्या क्लबाच्या मैदानावर पाळवणकर बाळू नावाचा चांभार समाजातील एक तरुण खेळपट्टीची निगा राखण्याचे आणि जाळ्यात गोलंदाजी करण्याचे काम करीत असे. पगार दरमहा ४ रुपये. तासन् तास चेंडू टाकावयाचे, फलंदाजी मात्र साहेबांनी करावयाची. पुढे पुण्यातील हिंदूंच्या संघाला जिंकण्यासाठी बाळूंची गरज भासली. त्यांना संघात घेतले गेले. पण चहाच्या वेळी त्यांचा चहा बाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात. मैदानात ज्याच्या हातचा चेंडू चालत होता, त्याच्या हातचा पेला चालत नव्हता. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात याच बाळूंनी शंभरावर बळी मिळविले. तरीही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना कधीच मिळाले नाही.

१९२० साली कर्णधारपदाच्या प्रश्नावर बाळूंचे बंधू विठ्ठल आणि शिवराम यांनी संघातून माघार घेतली. रूढ व्याख्येनुसार हे वर्तन अखिलाडूपणाचेच म्हणावे लागेल. निवडसमितीचा निर्णय मानावयाचा असतो, संघ व्यक्तीहून मोठा असतो, वगैरे. पण या दोन भावांनी माघार घेतली नसती, तर १९२३ साली विठ्ठल हिंदू संघाचे कर्णधार झालेले दिसले असते काय? मला शंका आहे. तो संघ त्या वर्षी जिंकला, हे जाता जाता नमूद करतो.

येथे आपल्यातील काही मित्र म्हणतील की, मग खिलाडूपणा हे वरिष्ठ वर्गांचे ढोंगच आहे, ते फेकून द्यावे. हे मला मान्य नाही. १९८० च्या फेब्रुवारीत मुंबईच्या वानखेडे मैदानावर सुवर्णमहोत्सवी कसोटी झाली. इंग्लंडचा निम्मा संघ ५८ धावांत परतला होता. बॉब टेलरला पंचांनी झेलबाद दिले. भारताचा कर्णधार गुंडाप्पा विश्वनाथ याची खात्री झाली की चेंडू बॅटला लागलेला नाही, आणि त्याने टेलरला परत बोलावून घेतले. टेलर आणि बोथम यांनी मग १७१ धावांची भागीदारी केली आणि भारत दहा गड्यांनी हरला. विश्वनाथला पुन्हा कसोटीत नेतृत्व मिळाले नाही. या प्रसंगात निर्णय त्याच्या बाजूचा होता, सत्ता त्याच्या हाती होती आणि त्या सत्तेचा लाभ त्याने सोडला. किंमत त्याने स्वतः मोजली. खिलाडूपणाची परीक्षा हीच, की त्याचा खर्च कोण सोसतो. बलवानाने आपल्या खिशातून सोसला तर तो गुण. दुर्बलाच्या खात्यावर टाकला तर ती निव्वळ वसुली होय.

ही कसोटी लावली म्हणजे कित्येक वाद निवळतात. १९४७ साली सिडनीच्या कसोटीत विनू मंकड यांनी चेंडू टाकण्याआधीच क्रीज सोडून पुढे सरकणाऱ्या बिल ब्राउनला धावबाद केले. त्याच दौऱ्यातील आधीच्या एका सामन्यात त्यांनी ब्राउनला इशारा दिलेला होता. नियम मंकड यांच्या बाजूचा, ब्रॅडमन यांनीही त्यांना दोष दिला नाही. तरी त्या कृतीला नाव पडले ते मंकड यांचे. चोरून धाव घेऊ पाहणाऱ्याच्या नावाने कोणतीही क्रिया ओळखली जात नाही. २०२२ च्या सप्टेंबरात लॉर्ड्सवर दीप्ती शर्माने हेच केले, तेव्हा इंग्लंडमधील अनेकांना पुन्हा 'खेळाच्या आत्म्या'ची आठवण झाली. हा आत्मा नेमका कोणाच्या देहात वास करतो?

आणि आपलेच उदाहरण पाहा. २०२३ साली दिल्लीत जंतरमंतरवर कुस्तीगीर मुली बसल्या होत्या. लैंगिक छळाची तक्रार कुस्ती महासंघाच्या तत्कालीन अध्यक्षांविरुद्ध होती; तिचा निवाडा न्यायालयाने करावयाचा आहे. पण मुलींना दाद मागण्यासाठी रस्त्यावर यावे लागले, यात न्यायालयाने ठरविण्याजोगे काही नाही. त्या वेळी भारतीय ऑलिंपिक संघटनेच्या अध्यक्षांनी, ज्या स्वतः थोर धावपटू, या आंदोलनात बेशिस्त पाहिली. पुढे त्या मुलींना भेटावयास गेल्या, हे त्यांच्या बाजूने सांगितले पाहिजे. तथापि पहिला शब्द निघाला तो 'बेशिस्त' हा, आणि २८ मे रोजी पोलिसांनी ऑलिंपिक पदकविजेत्यांना फरफटत नेलेले देशाने पाहिले. त्या मुलींकडून जो संयम अपेक्षिला जात होता, त्याचा दशांशही महासंघाकडून कोणी मागितला नव्हता.

२०२५ साली संसदेने राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायदा केला. क्रीडा लवाद, संघटनांच्या कारभारात खेळाडूंना स्थान, अशा स्वागतार्ह तरतुदी त्यात आहेत. मात्र विधेयक मंजूर होण्याआधी त्यात एक दुरुस्ती झाली. माहितीचा अधिकार सरकारी अनुदान घेणाऱ्या संघटनांपुरता मर्यादित झाला, आणि देशातील सर्वांत श्रीमंत क्रिकेट मंडळ नागरिकाच्या प्रश्नापासून दूर राहिले. पंचाच्या निर्णयावर नुसती मान हलविली तरी हेच मंडळ चालवीत असलेल्या स्पर्धांत खेळाडूच्या मानधनातून दंड कापला जातो. मंडळाच्या निर्णयांवर कोण पंच आहे, हे त्याने एकदा जाहीर करावे.