शेवटचे कडवे कापू नका

एप्रिल लागला की आपल्या मोबाईलवर भीमगीतांचा पाऊस पडतो. जुनी चाल, नवा ठेका, वर डीजेचे मिक्सिंग आणि खाली कंपनीचे नाव. गीतकार कोण, म्हणून पाहायला जावे तर अनेकदा एकच शब्द दिसतो : पारंपरिक. आमचा आक्षेप या शब्दाला आहे. भीमगीत पारंपरिक कसे असेल? बाबासाहेबांवरचे प्रत्येक गाणे गेल्या शंभरेक वर्षांत कुण्या एका माणसाने लिहिले आहे. त्या माणसाला घर होते, गाव होते, नाव होते. त्याच्या गाण्याला 'पारंपरिक' म्हणणे म्हणजे ते बेवारस ठरवणे. बेवारस मालावर पहिला हात कोणाचा पडतो, हे आपल्याला वेगळे सांगायला नको.

अमेरिकेतले एक प्रकरण या निमित्ताने समजून घ्यावे असे आहे. तिथल्या गरीब काळ्या वस्त्यांतली पोरे वाद्ये परवडत नाहीत म्हणून तोंडानेच वाद्यांचे आवाज काढत कोपऱ्याकोपऱ्यावर गायची. त्या गाण्याला डू-वॉप म्हणतात. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातल्या पाच शाळकरी पोरांचा 'टीनएजर्स' नावाचा असाच एक गट होता. तिघे काळे, दोघे पोर्टोरिकन. मुख्य गायक फ्रँकी लायमन तेव्हा तेरा वर्षांचा. 1956 साली त्यांचे 'व्हाय डू फूल्स फॉल इन लव्ह' हे गाणे अमेरिकेत आणि इंग्लंडमध्ये गाजले. पुढच्याच वर्षी लायमनला एकट्याने गायला बाजूला काढले आणि गट मोडला. 1968 मध्ये वयाच्या पंचविसाव्या वर्षी हेरॉइनने लायमनचा जीव गेला. गाणे मात्र जिवंत राहिले, 1981 मध्ये डायना रॉसने ते पुन्हा गायले. गीतकार म्हणून लायमनच्या जोडीला आधी कंपनीवाला जॉर्ज गोल्डनर आणि नंतर दुसरा कंपनीवाला मॉरिस लेव्ही यांची नावे लागली होती. गटातले हर्मन सँटियागो आणि जिमी मर्चंट कोर्टात गेले. 1992 मध्ये ते सहलेखक असल्याचा निकाल लागला. पण 1996 मध्ये वरच्या कोर्टाने तो फिरवला. कारण काय, तर दावा तीन वर्षांच्या मुदतीत केला नव्हता! गाणे लिहिले तेव्हा जी पोरे होती, त्यांनी मुदत पाळायला हवी होती म्हणे.

आता आपल्याकडे पाहू. भीमराव कर्डक यांच्या 'नाशिक जिल्हा युवक संघा'च्या जलशाने 1930च्या दशकात काळाराम सत्याग्रहाचा, धर्मांतराच्या घोषणेचा विचार वस्त्यावस्त्यांत नेला. (तरुण मंडळी भीमराव आणि वामनदादा या दोन कर्डकांची गल्लत करतात. वामनदादा सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे, जन्म 1922, निधन 2004.) जलसाकारांनी तमाशाची चौकट घेतली पण त्यातली कृष्ण आणि गवळणींची छेडछाड काढून टाकली. हे सगळे आज आपण सांगू शकतो, कारण भीमरावांनी स्वतः 1978 मध्ये 'आंबेडकरी जलसे : स्वरूप व कार्य' हे पुस्तक लिहून ठेवले. ज्या मंडळांच्या प्रमुखाने असे काही लिहिले नाही त्यांचे काय? चार-पाच वर्षे गाऊन, गिरणीची पाळी आणि संसार यांत विरून गेलेली किती मंडळे असतील!

1956 नंतर जलसा मागे पडला आणि गायन पार्टी आली. आमच्या पेठ तालुक्यात बौद्धांची घरे मोजकी, तालुका आदिवासींचा. तरी सावळघाट चढून नाशिककडच्या पार्ट्या यायच्या. पेटी, ढोलकी, बुलबुल, मागे चार कोरसवाले. पाच रुपये बक्षीस देणाऱ्याचे नाव माईकवरून दोनदा पुकारले जायचे, ढोलकीवाल्याचे एकदाही नाही. ही चूक कंपनीची नव्हती, आपली होती. पुढे कॅसेटचा जमाना आला. एकरकमी बिदागी हातावर ठेवली जायची, कव्हरवर फक्त मुख्य गायक.

शिक्षण आणि कोर्ट दोन्ही दूर असलेल्या आपल्या कवींनी यावर एक साधा उपाय जपला होता : नाममुद्रा. शेवटच्या कडव्यात आपले नाव ओवायचे. वामनदादांच्या गाण्यात 'वामन' येतो तो असाच. रजिस्ट्रेशन नको, वकील नको, गाणे जिथे जाईल तिथे नाव जाईल. आज तीन मिनिटांच्या रिमिक्समध्ये पहिल्यांदा कापले जाते ते हेच कडवे. कधी कधी तर कवीचे नाव काढून गायकाचे घातले जाते. याला आम्ही सरळ चोरी म्हणतो.

काही ज्येष्ठ कार्यकर्ते म्हणतात, गाणी चळवळीची आहेत, त्यावर मालकी कसली? शाहिरांनी पैशासाठी गायले नाही. खरे आहे. पण वस्तीने फुकट गावे यासाठी ती लिहिली होती, कंपनीने विकावीत यासाठी नव्हे. 'चळवळीचे' हा शब्द गरिबाच्या घरच्यांना गप्प करायला आणि कंपनीला मोकळे रान द्यायला वापरला जात असेल, तर तो आधी तपासावा लागेल.

आणि कायदा इथे आपल्या बाजूने बराच आहे, फक्त कुणी वाचत नाही. 1957च्या कॉपीराइट कायद्यानुसार कवीच्या मृत्यूनंतर 60 वर्षे हक्क टिकतो, म्हणजे वामनदादांच्या गीतांवर 2064 अखेरपर्यंत. हक्काचे हस्तांतर लेखी आणि सहीनिशीच व्हावे लागते, तोंडी 'दिले' चालत नाही. हक्क विकला तरी लेखक म्हणून नाव लावून घेण्याचा हक्क कवीकडे राहतो, त्याच्या पश्चात वारस तो मागू शकतात. 2012च्या दुरुस्तीनंतर रॉयल्टीतला गीतकाराचा वाटा करारातही सोडून देता येत नाही. त्याच दुरुस्तीने कलाकारालाही स्वतःचे नाव लावून घेण्याचा हक्क दिला. कोरसवालाही कलाकारच आहे.

म्हणून आम्ही एवढेच सुचवतो. यंदा जयंती मंडळाने डीजे लावला तरी निदान एका रात्रीपुरती एक गायन पार्टी बोलवावी आणि बिदागीच्या पावतीवर प्रत्येकाचे नाव लिहावे. घरोघरी जुन्या कॅसेटी, हाताने लिहिलेल्या गाण्याच्या वह्या असतील तर त्यांचे फोटो काढावेत. जुन्या पार्टीतला कुणी हयात असेल तर त्याच्याकडून कोण ढोलकीवर, कोण कोरसला, गाणे कुणी लिहिले, कुठल्या साली, हे विहारात बसून उतरवून घ्यावे. त्यातले बरेच जण आता सत्तरीच्या पुढे आहेत आणि सकाळी दहाच्या आत गेले तर निवांत भेटतात.