सहकारी निवडणुकांचे खटले : ‘नंतर दाद मागा’ याचा अर्थ काय?

दूध संघ, साखर कारखाना किंवा जिल्हा बँकेची निवडणूक जाहीर झाली की पाठोपाठ उच्च न्यायालयात याचिका दाखल होणे आता नित्याचे झाले आहे. यादीतून गाळलेल्या संस्था, फेटाळलेले उमेदवारी अर्ज, प्रतिनिधीच्या नावाचे ऐनवेळी बदललेले ठराव ही त्यामागची नेहमीची कारणे. याचिकाकर्त्यांना सामान्यतः एकच उत्तर मिळते : निवडणूक होऊ द्या, नंतर दाद मागा.

या उत्तराचे मूळ १९५२ च्या पोन्नुस्वामी खटल्यात आहे. निवडणूक प्रक्रिया सुरू झाल्यावर न्यायालयांनी मध्येच हस्तक्षेप करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात ठरवले. त्याचा आधार राज्यघटनेचा अनुच्छेद ३२९ होता आणि तो संसद व विधिमंडळांपुरता आहे. २००१ मध्ये महाराष्ट्रातील संत सद्गुरू जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या खटल्यात हेच तत्त्व सहकाराला लागू झाले. मतदारयादी तयार करणे हाही निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा असल्याने यादीतील त्रुटींसाठी निवडणूक थांबवता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. पुढे २०११ च्या ९७ व्या घटनादुरुस्तीने सहकारी निवडणुकांची तरतूद केली. मात्र पंचायती व नगरपालिकांच्या बाबतीत आहे तसा न्यायालयांना रोखणारा अनुच्छेद तिने घातला नाही. म्हणजे सहकारातील हा अडसर मुख्यतः न्यायालयांनी स्वतः पत्करलेल्या संयमाचा आहे.

या संयमाला कारण आहे. स्थगिती मिळाली की मुदत संपलेले मंडळ रेंगाळते किंवा प्रशासक येतो. दोन्हींत सभासदांचा हक्क लांबणीवर पडतो. पराभव दिसू लागलेल्या गटाला याहून सोयीचे शस्त्र कोणते?

परंतु लोकसभेचा निकष सहकाराला लावताना मतदारांच्या संख्येचा विसर पडतो. लाखोंच्या मतदारसंघात काही नावे गळाल्याने निकाल क्वचितच फिरतो. दूध संघ किंवा जिल्हा बँकेत मात्र सभासद संस्थेचा एक प्रतिनिधी एक मत देतो. तेथे मोजक्या संस्था वगळल्या किंवा घुसवल्या की मतदानापूर्वीच निकाल लागू शकतो. गावोगाव ठराव ‘गोळा’ करण्याची चढाओढ त्यासाठीच असते.

आता ‘नंतर’चा रस्ता पाहावा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ९१ खाली वाद सहकार न्यायालयात न्यायचा, तोही निकालापासून दोन महिन्यांत. त्यानंतर सहकार अपील न्यायालय, मग उच्च न्यायालय. संचालक मंडळाची मुदत पाच वर्षे. तेवढ्या काळात निवडून आलेले मंडळ कर्जे वाटते, नोकरभरती करते, दुधाचा किंवा उसाचा दर ठरवते. चौथ्या वर्षी निवड रद्द झाली, तरी हे व्यवहार मागे फिरत नाहीत.

२०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ९७ व्या दुरुस्तीचा सहकारविषयक भाग, निम्म्या राज्यांची मान्यता न घेतल्याने, राज्यांतील संस्थांपुरता रद्द ठरवला. बहुराज्य संस्थांसाठी तो कायम राहिला आणि २०२३ च्या कायदादुरुस्तीने त्यांच्याकरिता केंद्रीय निवडणूक प्राधिकरणाची तरतूद झाली. महाराष्ट्राचे प्राधिकरण राज्याच्याच कायद्यावर उभे असल्याने टिकले. मात्र प्राधिकरण निवडणूक घेते. निवडणुकीनंतरचा वाद सोडवणे हे त्याचे काम नाही. बहुराज्य संस्थांतही तो वाद लवादाकडेच जातो.

उमेदवारी अर्ज फेटाळल्यास महाराष्ट्रात तीन दिवसांत अपील आणि दहा दिवसांत निर्णय, अशी तरतूद कलम १५२ अ मध्ये आहे. निवडणूक न थांबवता वाद मिटवण्याचा हा मार्ग मतदारयादीसाठीही अवघड नाही. आज यादीवरील हरकती जिल्हा सहकारी निवडणूक अधिकारी निकाली काढतात आणि ते पद सहसा सहकार खात्यातीलच अधिकाऱ्याकडे असते. त्यांच्या निर्णयावर मतदानापूर्वी, ठरावीक दिवसांत, न्यायिक अधिकाऱ्यापुढे अपील करता आले, तर उच्च न्यायालयाचे दार ठोठावण्याची वेळ थोड्यांवरच येईल.