सनद आणि सभागृह

आमच्या वकीलवर्गातील एखादा तरुण निवडणुकीस उभा राहिला, की त्याची सनद हीच त्याची पात्रता म्हणून मतदारांपुढे ठेवली जाते. निवडून आल्यानंतर मात्र ती सनद भिंतीवर टांगलेली राहते आणि आमदारसाहेब बदल्या व शिफारसपत्रे यांत गढून जातात. वकिलाने कायदेमंडळात जाऊन नेमके करावयाचे काय, या प्रश्नाचे उत्तर शोधण्यास आम्हांस परक्याच्या दारी जाण्याचे कारण नाही.

परमपूज्य बाबासाहेब 1922 साली ग्रेज इनचे बॅरिस्टर झाले व 1923 पासून मुंबई हायकोर्टात वकिली करू लागले. सॉलिसिटर मंडळी अस्पृश्य बॅरिस्टराकडे काम देण्यास कचरत. पक्षकार येत ते बहुधा गरीब. अशा वकिलाची 1927 साली मुंबई कायदे कौन्सिलात सरकारनियुक्त सभासद म्हणून नेमणूक झाली. सरकारने नेमलेल्याने सरकारची री ओढावी, असा रिवाज होता. त्यांनी पहिल्याच अंदाजपत्रकावर सरकारला धारेवर धरले.

परंतु त्यांची खरी वकिली दिसते ती 19 मार्च 1928 रोजी मांडलेल्या वतन दुरुस्ती विधेयकात. महाराने दिवसरात्र सरकारचे व गावाचे काम करावे आणि मोबदला म्हणून तुटपुंजी इनाम जमीन, थोडा सरकारी पैसा व रयतेच्या मर्जीवर अवलंबून असलेले बलुते घ्यावे, ही ती गुलामगिरी. सभेत तिचा धिक्कार करणारे पुष्कळ होते. बाबासाहेबांनी तिचे मूळ 1874 च्या वंशपरंपरागत हुद्द्यांच्या कायद्यात दाखविले आणि नेमकी तीच कलमे दुरुस्तीस घेतली: वतनदाराची इच्छा असल्यास पूर्ण सारा भरून जमीन त्याच्याकडे राहावी व चाकरी सुटावी, बलुत्याऐवजी रोख रक्कम मिळावी. प्रवर समितीत विधेयकाची इतकी मोडतोड झाली, की 1929 साली त्यांनीच ते मागे घेतले. नावापुरता कायदा पदरात पाडून विजयाची मिरवणूक काढण्याचा मोह त्यांना झाला नाही. आज किती जणांना हे साधेल?

विशेष हे, की याच काळात ते महाडच्या चवदार तळ्याच्या दाव्यात प्रतिवादी होते. फेब्रुवारी 1937 मध्ये ते प्रांतिक विधानसभेवर निवडून आले आणि 17 मार्च 1937 रोजी हायकोर्टाने तो दावा अस्पृश्यांच्या बाजूने निकालात काढला. त्याच वर्षी सप्टेंबरात त्यांनी खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले. ते सभागृहात अडले, तेव्हा जानेवारी 1938 मध्ये कोकणातील हजारो शेतकरी कौन्सिल हॉलवर चालून आले. आधी मसुदा, मग मोर्चा, हा क्रम ध्यानी घ्यावा. आता आम्ही मोर्चा काढतो आणि मसुदा सचिवालयावर सोपवितो.

खोतीचा कायदा 1949 साली झाला, वतने नष्ट करणारा 1958 साली. पडलेली विधेयके वाया गेली, असे म्हणणाऱ्यांनी हे दोन सन पाहावेत.

महाराष्ट्र विधानसभेच्या 288 जागांपैकी 29 अनुसूचित जातींसाठी राखीव आहेत. त्यांवरील सभासदांना विचारले, तर पक्षादेशाकडे बोट दाखवितात. 1985 च्या पक्षांतरबंदीने मतदानावर बंधन घातले, हे खरे. पण तारांकित प्रश्न विचारण्यास वा अशासकीय विधेयकाची सूचना देण्यास दहाव्या परिशिष्टाने कोठे मनाई केली आहे? मी ते अनेकदा वाचले आहे; मला तसे कलम आढळले नाही.

आजही माझ्याकडे वतनी जमिनीचे पक्षकार येतात. 1958 च्या कायद्याने जमीन परत मिळाली ती नव्या व अविभाज्य शर्तीने. कलेक्टरची मंजुरी व नजराण्यावाचून ती विकता येत नाही. ही शर्त काहींची जमीन राखते, तर नडीच्या वेळी काहींचे हात बांधते. कागद न वाचता अंगठा दिलेल्याची जमीन शर्तभंग म्हणून सरकारजमा होण्याची पाळी येते. शर्त ठेवावी की सैल करावी, याविषयी आमच्यातच दोन मते आहेत, आणि म्हणूनच सभागृहात हा विषय कलमवार निघावयास हवा. येत्या अधिवेशनापूर्वी आपापल्या आमदारास, विशेषतः तो वकील असल्यास, या कायद्याचे पाचवे कलम वाचले काय, एवढेच वाचकांनी विचारावे.