हलवायाच्या घरावर तुळशीपत्र

अमेरिकेत राहणाऱ्या आपल्या मराठी मंडळींच्या तोंडी हल्ली एक वाक्य फार ऐकू येतं. "ग्लोबल एन्ट्री काढून टाका हो, फी कार्डवाले परत देतात. फुकटच आहे!" माझी लेकही हेच म्हणते. तिकडच्या गणपतीच्या कार्यक्रमात जेवणाच्या पंगतीतही हाच विषय निघतो. सगळी शिकली-सवरलेली, हिशेबाला पक्की माणसं. म्हणूनच मला या 'फुकट' शब्दाशी आज जरा भांडायचं आहे.

ज्यांना हा प्रकार ठाऊक नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात सांगते. अमेरिकन सरकारने २००८ साली ग्लोबल एन्ट्री नावाची योजना सुरू केली. तुम्ही अर्ज करायचा, बोटांचे ठसे द्यायचे, मुलाखत द्यायची, सरकार तुमचा पूर्वेतिहास तपासणार. सगळं ठीक निघालं की तुम्ही 'विश्वासू प्रवासी'. मग परदेशातून अमेरिकेत उतरल्यावर मोठ्या रांगेत उभं राहायला नको. देशांतर्गत विमानतळावर सुरक्षा तपासणीची वेगळी, आखूड रांग मिळते, तिचं नाव टीएसए प्रीचेक. ती ग्लोबल एन्ट्रीबरोबर येते किंवा वेगळीही काढता येते. ग्लोबल एन्ट्रीची फी पूर्वी १०० डॉलर होती, ऑक्टोबर २०२४ पासून १२० झाली. मुदत पाच वर्षं. अर्ज नाकारला गेला तरी सरकार फी परत करत नाही. २०१७ पासून भारतीय नागरिकांनाही हा अर्ज करता येतो.

आता कार्डाची गंमत. महागडी क्रेडिट कार्डं देणाऱ्या बँका म्हणतात, ही फी आमच्या कार्डावर भरा, आम्ही ती तुमच्या खात्यात परत जमा करू. साधारणपणे चार वर्षांतून एकदा. स्टेटमेंटमध्ये एका ओळीत १२० डॉलर गेलेले दिसतात, काही दिवसांनी दुसऱ्या ओळीत १२० डॉलर आलेले दिसतात. माणूस खूश!

पाचवीच्या वर्गात घालावं असं एक गणित घालते. अमेरिकन एक्स्प्रेसच्या प्लॅटिनम कार्डाची वार्षिक फी २०२५ मध्ये ६९५ वरून ८९५ डॉलर झाली. चेसच्या सफायर रिझर्व्ह कार्डाची त्याच वर्षी ५५० वरून ७९५ झाली. परत मिळणारे १२० डॉलर चार वर्षांत एकदा, म्हणजे वर्षाला ३० डॉलर. पहिल्या कार्डाचे चार वर्षांचे होतात ३,५८० डॉलर. एवढे भरून १२० परत घ्यायचे आणि त्याला फुकट म्हणायचं? मान्य आहे, त्या कार्डांवर इतरही सवलती असतात, विमानतळावरची बसायची खास जागा असते, हॉटेलच्या बिलात सूट असते. कमी वार्षिक फीच्या काही कार्डांवरही हा परतावा मिळतो. ज्याचा खरंच एवढा प्रवास आहे त्याचा हिशेब जमत असेल. पण जमलेल्या हिशेबाला 'परवडलं' म्हणतात, 'फुकट' म्हणत नाहीत. दोन्ही शब्द मराठीत आहेत आणि त्यांचे अर्थ वेगळे आहेत.

बरं, बँक हे पैसे आणते कुठून? वार्षिक फीतून काही येतात. काही येतात ज्यांना महिन्याचं बिल पूर्ण भरता येत नाही त्यांच्याकडून. गेली काही वर्षं अमेरिकेत क्रेडिट कार्डावरच्या थकबाकीचा व्याजदर सरासरी वीस टक्क्यांच्या वर आहे. आणि काही येतात दुकानदाराकडून. तुम्ही शंभर डॉलरची खरेदी कार्डाने केली की त्यातले साधारण दोन-तीन डॉलर दुकानदाराच्या हाती पोचतच नाहीत, वाटेतच कापले जातात. कार्ड जितकं भारी, तितका हा वाटा सहसा मोठा. दुकानदार तो स्वतःच्या खिशातून थोडाच भरणार? तो सगळ्याच मालाची किंमत थोडी वर नेतो. ती वाढीव किंमत कार्डवाला भरतो आणि शेजारी उभं राहून नोटा मोजून देणारी बाईही भरते. फरक इतकाच, की कार्डवाल्याला त्यातलं काही परत मिळतं. तिला मिळत नाही.

हे मी मनाचं सांगत नाही. बोस्टनच्या फेडरल रिझर्व्ह बँकेतल्या अर्थशास्त्रज्ञांनी २०१० मध्ये याचा हिशेब मांडला होता. वर्षाला वीस हजार डॉलर किंवा त्याहून कमी उत्पन्न असलेल्या कुटुंबाच्या खिशातून या व्यवहारात सरासरी २१ डॉलर जातात, आणि दीड लाख किंवा त्याहून जास्त उत्पन्नाच्या कुटुंबाकडे ७५० डॉलर येतात, असं त्यांनी काढलं. आकडे आता जुने झाले. पण पैसा कुठून कुठे वाहतो ते त्यातून स्वच्छ कळतं.

आपल्याकडे याला फार नेमकी म्हण आहे. हलवायाच्या घरावर तुळशीपत्र! मिठाई हलवायाची, तुळशीपत्र ठेवणारा तिसराच, आणि दानाचं पुण्य त्याच्या नावावर. बँक म्हणते, घ्या, आमच्याकडून भेट. तुम्ही म्हणता, वा, काय उदार बँक! आणि ज्याची मिठाई गेली त्याला पत्ताही नाही.

पण पैशांपेक्षाही मला खटकतं ते वेगळंच. ही रांग मुळात कोणाची?

अमेरिकेत विमानाच्या प्रत्येक तिकिटात सुरक्षेची फी असते. ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यानंतर ती लागू झाली, आणि २०१४ पासून एकेरी प्रवासाला ५.६० डॉलर आहे. परदेशातून येणाऱ्याच्या तिकिटात इमिग्रेशन आणि कस्टम्सच्या तपासणीचे पैसे आणखी वेगळे. म्हणजे लांब रांगेत उभा असलेला माणूस फुकट्या नव्हे, त्याने तपासणीचे पैसे आधीच मोजलेले आहेत. त्यातही गंमत अशी, की २०१३ च्या एका कायद्याने या सुरक्षा फीतला काही भाग सरकारी तूट भरून काढण्यासाठी वळवला गेला. म्हणजे रांग आखूड करण्यासाठी घेतलेले पैसे दुसरीकडे जाणार, आणि आखूड रांग हवी असेल तर वेगळे पैसे भरा!

बुटांचंच बघा. डिसेंबर २००१ मध्ये एका माणसाने बुटात स्फोटकं लपवून विमान उडवायचा प्रयत्न केला. २००६ पासून सगळ्यांना तपासणीला बूट काढायला लावायला सुरुवात झाली. म्हातारीकोतारी माणसं खांबाला धरून, एका पायावर तोल सावरत बूट काढायची. पुढे प्रीचेक आलं आणि 'बूट काढावे लागत नाहीत' हे त्याचं मोठं आकर्षण ठरलं. मग जुलै २०२५ मध्ये सरकारने जाहीर केलं, की आता कोणालाच बूट काढायची गरज नाही. जी सोय इतकी वर्षं पैसे घेऊन दिली, ती एका दिवसात सगळ्यांची झाली. म्हणजे साधी रांग सुधारता येते. मनावर घ्यावं लागतं, इतकंच.

यावर कोणी म्हणेल, "अहो बाई, चौकशीला खर्च येतो, तो अर्जदाराने का भरू नये? आणि काही लोक वेगळ्या रांगेत गेले की मोठी रांगही हलकी होतेच ना?" मुद्दा रास्त आहे. चौकशी करून ज्यांच्याबद्दल खात्री पटली त्यांना लवकर सोडावं आणि अधिकाऱ्यांनी आपला वेळ उरलेल्यांवर घालवावा, यात चूक काहीच नाही. पण मग त्यात सरकारचा आणि सगळ्याच प्रवाशांचा फायदा आहे, तर अधिकाधिक लोकांना आत घ्यायला हवं. १२० डॉलरचा उंबरा कशाला? भारत सरकारने अशीच योजना जून २०२४ मध्ये दिल्ली विमानतळावर सुरू केली आणि जानेवारी २०२५ मध्ये मुंबईसह आणखी सात विमानतळांवर नेली. भारतीय नागरिकांसाठी आणि ओसीआय कार्डधारकांसाठी. तिथेही बोटांचे ठसे, तिथेही चौकशी, पण सुरुवात झाली ती एक पैसाही न घेता. तेव्हा फीशिवाय हे जमतच नाही असं कोणी सांगू नये.

आणि कार्डाच्या परताव्याने खरं नुकसान होतं ते इथेच. १२० डॉलर खिशातून गेले असते तर निदान चार माणसांनी विचारलं असतं, की एवढी फी का? १०० च्या १२० का झाल्या? साधी रांग दोन-दोन तास का चालते? ही विचारणारी माणसं कोण? वकील, डॉक्टर, कंपन्यांचे अधिकारी, म्हणजे ज्यांचं पत्र लोकप्रतिनिधी वाचतात अशी. नेमकी तीच मंडळी कार्ड दाखवून बाजूच्या दाराने निघून गेली. मागे राहिले ते वर्षा-दोन वर्षांतून एकदा प्रवास करणारे, कडेवर पोर घेतलेले, मुलांना भेटायला आलेले म्हातारे आईबाप. त्यांची तक्रार ऐकतो कोण? सार्वजनिक शाळेचं असंच झालं, सरकारी दवाखान्याचं असंच झालं. ज्याचा आवाज पोचतो तो बाहेर पडला की उरलेल्यांचं गाऱ्हाणं भिंतीवर आपटून परत येतं.

माझं म्हणणं कार्ड फेकून द्या असं नाही. कार्ड आधीपासून असेल आणि त्यावर परतावा मिळत असेल तर खुशाल घ्या, तुमचेच पैसे आहेत. पण केवळ त्यासाठी नवं कार्ड काढू नका. अमेरिकन नागरिक आणि ग्रीन कार्डवाल्यांसाठी मोबाइल पासपोर्ट कंट्रोल नावाचं सरकारी अ‍ॅप आहे, ते बऱ्याच विमानतळांवर चालतं आणि त्याला फी नाही. आधी ते वापरून बघा. ते खरोखर फुकट आहे, पण त्याच्या परताव्याची जाहिरात कोणती बँक करणार?

आणि एक करा. आखूड रांगेतून पुढे गेलात तरी लांब रांगेबद्दल बोलणं सोडू नका. आपल्या लोकप्रतिनिधीला दोन ओळी लिहा, की सुरक्षेच्या फीचे पैसे सुरक्षेवरच खर्च करा आणि चौकशीची फी कमी करा. त्या रांगेत कधी ना कधी आपलीच आई उभी असते.