म्हैसूरची सार्वजनिक सायकल

दसऱ्याच्या सुवर्ण अंबारीमुळे ज्या नगराची ख्याती दिगंतात पोहोचली, त्याच म्हैसुरात 4 जून 2017 रोजी 'ट्रिन ट्रिन' या नावाने 450 सायकली जनतेच्या स्वाधीन करण्यात आल्या, ही वार्ता महाराष्ट्रात जेवढी गाजावयास हवी होती तेवढी गाजली नाही. कार्ड टेकवताच कुलूप सुटावे, एका ठाण्यावर घेतलेली सायकल काम संपताच दुसऱ्या ठाण्यावर लावून मोकळे व्हावे, अशी ती तजवीज होती. आणि संस्थानी अमलात, 1903 सालीच, नगरसुधारणेसाठी स्वतंत्र मंडळ स्थापणाऱ्या शहराला ती शोभूनही दिसली.

सायकल दिसते तेवढी जुनी नव्हे. 1817 साली जर्मनीत ड्राइस यांनी बनवलेल्या दुचाकीवर बसणाऱ्याला जमिनीला पाय रेटीतच पुढे सरकावे लागे. 1885 साली स्टार्ली यांनी दोन जवळजवळ समान चाके आणि साखळी यांचा मेळ घातला, 1888 मध्ये डनलॉप यांनी हवेचा टायर सिद्ध केला, आणि त्याच वर्षी बेळगावात लक्ष्मणराव किर्लोस्करांच्या सायकलीच्या दुकानाचा प्रारंभ झाला. पुढे नांगर घडवणाऱ्या उद्योगाचे मूळ या दुकानात असावे, हा योग मला मोठा अर्थपूर्ण वाटतो.

कारण सायकलीचे खरे आकर्षण स्वाधीनतेत आहे. घोड्याला दाणावैरण लागते, मोटारीला पेट्रोल लागते आणि गाडीला वेळापत्रक. सायकलीला मात्र बसणाऱ्याची पोटरी पुरते. तासाच्या भाड्याने आणलेल्या सायकलीच्या नळीखालून पाय घालून तोल सावरणाऱ्या पोराला हे कोणी शिकवावे लागत नसे. म्हैसूरच्या चामुंडी टेकडीचा चढ घामाघूम होऊन चढणाऱ्या आजच्या हौशी स्वारालाही ते ठाऊक असते, मग त्याच्या शिरस्त्राणाची किंमत काहीही असो!

परंतु हौस आणि व्यवस्था या भिन्न गोष्टी होत. पुण्यात 'ट्रिन ट्रिन'च्याच सुमारास खासगी कंपन्यांच्या भाड्याच्या सायकली आल्या आणि अल्पकाळातच दिसेनाशा झाल्या. ज्या शहराला एकेकाळी सायकलींचे शहर म्हणत, तेथील सायकलमार्गांवर आज मोटारी उभ्या असतात. सायकली वाटणे सोपे, त्यांची दुरुस्ती आणि मार्गांचा बंदोबस्त वर्षानुवर्षे चालवणे कठीण. आणि हे काम नगरपालिकेच्या दप्तराखेरीज कोणाकडून निभावेल, असे मला वाटत नाही. तेव्हा उद्या नगरसेवक दाराशी मत मागावयास आले, तर सायकलमार्गाच्या देखभालीसाठी अंदाजपत्रकात किती रक्कम मंजूर करवून घेणार, एवढे वाचकांनी त्यांना अवश्य विचारावे.