गप्पांना मालक कशाला?

घरच्या ग्रुपवर मी एवढंच लिहिलं, की जरा दुसरीकडेही गप्पा मारून बघूया. लगेच मामेभावाचा सवाल: "आहे त्यात वाईट काय आहे?" वाईट काही नाही रे, पण ते आपलं नाही. तिथे दोन ओळींत उत्तर देता येईना, म्हणून हा खटाटोप.

साधी गोष्ट बघा. माझी ई-मेल एका कंपनीकडे, तुझी दुसरीकडे, बाबांची तिसरीकडे. तरी पत्र पोचतंच ना? "आधी आमच्याकडे खातं उघडा" असं कुणी म्हणत नाही. मग चॅटलाच ही सक्ती का? तंत्र नाही म्हणून? छे! जेरेमी मिलरने १९९९ मध्येच जॅबर जाहीर केलं. त्याचंच पुढे एक्सएमपीपी झालं आणि २००४ मध्ये ते इंटरनेटचं रीतसर मानक ठरलं. पत्ताही ई-मेलसारखाच, आधी नाव आणि मग सर्व्हर.

गूगल टॉक २००५ मध्ये याच्यावरच आलं. २००६ मध्ये ते इतर सर्व्हरांशी बोलूही लागलं. मग २०१३ मध्ये हँगआउट्स आलं आणि गूगलने तो दरवाजा लोटून घ्यायला सुरुवात केली. व्हॉट्सअ‍ॅपची सुरुवातही एक्सएमपीपीवरच झाली, पण पहिल्यापासून कुंपण घालून. म्हणजे विहीर गावाने खणायची आणि रहाटाला कुलूप यांचं!

"पण तिथे एनक्रिप्शन आहे" म्हणाल. आहे, मान्य. पण नियम कधी बदलायचे आणि दुकान कधी बंद करायचं हे ठरवतं कोण? याहू मेसेंजर १७ जुलै २०१८ ला बंद झाला, तेव्हा कुणी तुम्हाला-मला विचारलं होतं?

विकेंद्रित म्हणजे जादू नव्हे, हेही खरं. छोटा सर्व्हरही बंद पडतो. मी घरी रास्पबेरी पायवर प्रॉसडी चालवतो. वीज गेली की माझ्या गप्पाही जातात. मे २०२३ मध्ये भारत सरकारने १४ मेसेंजर अ‍ॅप्स रोखली, त्यात मॅट्रिक्सवरचं एलिमेंटही होतं. पण एलिमेंट म्हणजे मॅट्रिक्स नव्हे. त्याच मानकावर चालणारी दुसरी अ‍ॅप्स आहेत, दुसरे सर्व्हर आहेत. एक दार बंद झालं म्हणून वाडा पडत नाही.

सुरुवात अगदी सोपी आहे. अँड्रॉइडवर कॉन्व्हर्सेशन्स, आयफोनवर मोनल, संगणकावर गाजिम घ्या. एखाद्या खुल्या सर्व्हरवर खातं उघडा आणि ओमेमो एनक्रिप्शन चालू आहे ना, ते बघा. सर्व्हर पुढे आवडला नाही तर दुसरीकडे जा, अ‍ॅप तेच राहील. पत्ता तेवढा नवा कळवावा लागेल.

"सगळे तिकडेच आहेत" हा शेवटचा मुद्दा उरतो. म्हणून तर व्हॉट्सअ‍ॅप काढा असं मी म्हणत नाही, मीही काढलेलं नाही. आधी फक्त आईला आणलं. आता आत्याचं खातंही उघडून ठेवलंय. आत्या, वाचत असशील तर दिवाळीला आलीस की फोन पाच मिनिटं माझ्या हातात दे.