बंदुकीची हद्द

नातेपुत्यातून शिखर शिंगणापूरला निघालं की थोड्याच वेळात सोलापूर जिल्हा संपतो, सातारा लागतो. गाडीच्या लायसनला त्याचं काही नसतं, ते देशभर चालतं. बंदुकीच्या परवान्यावर मात्र हद्द लिहिलेली असते: जिल्हा, राज्य, नाहीतर अखंड भारत.

आमच्या अण्णांना (फौजेतून निवृत्त) विजापूरला गार्डची नोकरी ठरली होती. परवाना महाराष्ट्रापुरता. म्हणजे सीमा ओलांडली की तीच बंदूक बेकायदा! हद्द वाढवून मागता येते, अण्णांनी अर्जही केला. उत्तर येईपर्यंत तिकडे दुसरा माणूस लागला.

टेक्सासचा आमचा भाचा हसला. पण त्यांचा परवानाही न्यूयॉर्कमध्ये चालत नाहीच की!

हद्द नसावी असं मी म्हणणार नाही. चौकशी इथल्या पोलिसांनी केलेली असते, माणूस त्यांच्या माहितीतला. पण आता प्रत्येक परवान्याला देशभराच्या नोंदवहीतला एकच क्रमांक असतो. मग हो किंवा नाही, ठरल्या मुदतीत सांगायला काय हरकत आहे?

अण्णा सध्या अकलूजला एका पतसंस्थेत असतात. पगार कमी, पण हद्दीत.